तळ्याची भांडी

महाराष्ट्रात अनेक गावांच्या तळ्यांबद्दल एक गोष्ट सांगतात. घरात लग्न निघालं आणि पंगतीला भांडी पुरणार नाहीत असं दिसलं, की घरधन्याने आदल्या संध्याकाळी तळ्यावर जायचं. काठावर हळदकुंकू वाहायचं, नारळ ठेवायचा आणि किती पातेली, किती ताटं, किती तांबे हवेत ते पाण्याला सांगायचं. मागे वळून न बघता घरी यायचं. सकाळी भांडी काठावर मांडलेली असायची. कार्य उरकलं की ती घासूनपुसून, मोजून पुन्हा काठावर ठेवायची. रात्रीतून तळं ती परत घ्यायचं. पिढ्यान्‌पिढ्या हे असंच चाललं. मग कुणाला तरी मोह सुटला आणि एक पळी घरातच राहिली. त्या दिवसापासून तळ्याने भांडी देणं बंद केलं.

गाव बदललं की गोष्टीतली पळी वाटी होते, वाटीची परात होते. शेवट मात्र तोच राहतो. तळं रागावत नाही, गाव बुडवत नाही, शाप देत नाही. देणं थांबवतं, एवढंच.

लहानपणी ही गोष्ट ऐकताना मला भांड्यांचं नवल वाटायचं. आता वाटतं, ती मुळात कराराची गोष्ट आहे. पालघर जिल्ह्यातल्या जव्हार-मोखाड्याच्या डोंगरात फिरताना ती पुन्हा पुन्हा आठवते, कारण या डोंगरांत आपण खरोखरीचे सागर उभे केले आहेत. मागाल तेवढं देणारे सागर. त्यांच्या काठाशी झालेला करार आपण पाळला का, हा या लेखाचा प्रश्न आहे.

नावात तळं

जामसर हे जव्हार तालुक्यातलं गाव. ‘सर’ म्हणजे तळं. नाव उच्चारलं की मराठी कानाला त्यात पाणी ऐकू येतं. ‘जाम’ म्हटलं की जांभूळ आठवतं, आणि जांभळावरून पुराणांनी कल्पिलेलं ते अख्खं जग आठवतं. मधोमध जंबुद्वीप, त्याच्याभोवती खाऱ्या पाण्याचा समुद्र. मग दुसरं द्वीप आणि उसाच्या रसाचा समुद्र. पुढे मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा. सात द्वीपं आणि सात समुद्र, एकाभोवती एक. मराठी माणसाने बसल्या जागी ऐकलेला एवढा मोठा अद्भुत नकाशा दुसरा नाही.

त्या नकाशातला सातवा समुद्र कशाचा आहे? दूध, तूप, मद्य सगळं ओलांडून गेल्यावर सर्वांत शेवटी जो समुद्र लागतो, तो साध्या गोड्या पाण्याचा. ज्यांनी हे जग कल्पिलं, त्यांनी सर्वांत दूरच्या, सर्वांत दुष्प्राप्य जागी पिण्याचं पाणी ठेवलं. मला यात फार मोठं शहाणपण दिसतं. उन्हाळ्यात दरी उतरून हंडा भरणाऱ्या बाईला हे पुराण समजावून सांगावं लागणार नाही.

दिवाळीच्या सुमारास इकडे आलात, तर पाण्याचं दुर्भिक्ष ही अफवा वाटेल. विक्रमगडच्या बाजूने घाट चढा की त्र्यंबककडून मोखाड्यामार्गे उतरा, दोन्ही अंगांनी ओहोळ वाहताना दिसतात. नागली आणि वरई पिकलेली असते, भात कापणीला आलेलं असतं. वाघबारशीला वाघोबाची पूजा होते. घरात करांदे, कोनफळं, चवळीच्या शेंगा शिजतात. दुधी भोपळ्याचा आणि बांबूचा तारपा घुमू लागतो, आणि तारपकऱ्याला मध्ये घेऊन नाचाचा फेर धरला जातो. तारपावादनासाठी संगीत नाटक अकादमीने गौरवलेले भिकल्या धिंडा जव्हार तालुक्यातल्याच वाळवंड्याचे. दाभोशाचा धबधबा अजून गर्जत असतो. समुद्रसपाटीपासून सुमारे दीड हजार फुटांवरच्या या थंड पठाराला लोक कौतुकाने पालघरचं महाबळेश्वर म्हणतात.

वर्षाला अडीच ते तीन हजार मिलिमीटर पाऊस इथे पडतो. मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला हा आकडा खरा वाटणार नाही. आणि याच जव्हार-मोखाड्याच्या पाड्यांवर मार्च उलटला की टँकरची वाट पाहिली जाते. एवढा पाऊस जातो कुठे?

पाणी न धरणारा दगड

उत्तराचा पहिला भाग पायाखाली आहे. हा सगळा मुलूख काळ्या पाषाणाचा, ज्वालामुखीच्या लाव्ह्यापासून बनलेल्या कातळाचा. वाळूच्या थरात पाणी जसं मुरतं, तसं या कातळात मुरत नाही. त्याला भेगा लागतात, कुजलेला दगड लागतो. त्यावर मातीचा थर पातळ, उतार तीव्र, आणि डोंगरांवरचं जंगलही विरळ होत गेलेलं. पाऊस चार महिन्यांत कोसळतो आणि कोसळतो तसाच दऱ्यांत उतरतो. पाडे असतात वर माथ्यावर, टेपावर, पाणी जातं खाली. फेब्रुवारीपर्यंत ओहोळ आटतात. विहिरीचा तळ दिसू लागतो. मग उरतो झिरा. ओढ्याच्या पात्रात खड्डा उकरायचा, त्यात पाणी पाझरण्याची वाट पाहायची, वाटीने किंवा करवंटीने ते गाळून हंड्यात भरायचं. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर हंडा, हंड्यावर कळशी, आणि पुढे सगळी चढण. पहिला हंडा पहाटेच्या अंधारात भरला तर गाळ कमी येतो, म्हणून बाया अंधारातच निघतात. त्या वेळेचा हिशेब कुठल्याही मजुरीत धरला जात नाही.

अशा मुलखात पाण्याला देव मानतात यात नवल नाही. वारल्यांचा नारनदेव पावसाचा, कणसरी धान्याची. मराठी मुलखात नदीकाठी, डोहाकाठी, विहिरीच्या थारोळ्यात शेंदूर लावलेले सात दगड दिसतात, त्या साती आसरा. त्यांची नावं लोकपरंपरेने जपली आहेत : मच्छी, कूर्मी, कर्कटी, दर्दुरी, जतुपी, सोमपा, मकरी. मासोळी, कासवी, खेकडी, बेडकी, मगर. पाण्यात जे जे जगतं, त्याची देवता झाली. डोहात कपडे धुऊ नयेत, भर दुपारी एकट्याने उतरू नये, पाणी नासवू नये, हे सगळे नियम आसरांच्या नावाने पाळले जात. भीती देवतेची होती, पण राखला जात होता तो डोह.

डहाणू तालुक्यातले जिव्या सोमा मशे (१९३४-२०१८) यांनी वारली चित्रकला जगभर नेली. त्यांच्या चित्रांतलं माशांचं जाळं पाहण्यासारखं आहे. बारीक पांढऱ्या रेघांचं ते जाळं चित्रभर पसरत जातं, आणि पाहणाऱ्याला वाटतं की नदी, मासे, माणसं सगळी एकाच विणीत आहेत. एक टाका सुटला तर पूर्ण जाळं उसवेल.

बैलाचं कातडं

या मुलखाची दुसरी एक गोष्ट आहे, तीही कराराचीच. जव्हारचं मुकणे संस्थान कसं सुरू झालं याची आख्यायिका जुन्या गॅझेटियरमध्ये नोंदलेली आहे. महादेव कोळ्यांचा नायक जायबा मुकणे याने वारली नायकाकडे जमीन मागितली. किती? तर एका बैलाच्या कातड्यात मावेल एवढी. मागणी इतकी लहान, की नाही म्हणायचं कारणच नव्हतं. होकार मिळाल्यावर जायबाने कातड्याच्या बारीक वाद्या कापल्या, एकीला एक जोडून लांब दोर केला आणि त्याने मोठा प्रदेश वेढून घेतला. पुढे १३४३ मध्ये दिल्लीच्या सुलतानाने जायबाच्या मुलाला राजा म्हणून मान्यता दिली, आणि १९४८ मध्ये संस्थान विलीन होईपर्यंत ते राज्य टिकलं.

तळ्याच्या गोष्टीत मागितलं तेवढं मिळतं आणि घेतलं तेवढं परत जातं. कातड्याच्या गोष्टीत मागितलं एक आणि गेलं दुसरंच. मला या दोन गोष्टी समोरासमोर ठेवाव्याशा वाटतात, कारण मुंबईच्या पाण्याचा इतिहास यांच्यामध्ये उभा आहे.

१८६० मध्ये मुंबईने विहार तलाव बांधला. तो साष्टी बेटावरचा, शहराच्या उशाशी. १८७९ मध्ये तुळशी. ती पुरेना तेव्हा १८९२ मध्ये तानसा, शहापूरच्या रानात. मग वैतरणा. १९५७ मध्ये खालच्या वैतरणेवर धरण झालं आणि मुंबई महापालिकेचे अभियंता ना. वि. मोडक यांच्या नावाने त्याला मोडकसागर म्हणू लागले. १९७३ मध्ये ऊर्ध्व वैतरणा, त्यानंतर भातसा. आणि २०१४ मध्ये मोखाडा तालुक्यातल्या कोचाळे गावाजवळ मध्य वैतरणा. १०२ मीटर उंच, ५६५ मीटर लांब भिंत. वादी लांबत लांबत उत्तरेला सरकत गेली आणि तिने दीडशे वर्षांत सह्याद्रीच्या नद्या वेढून घेतल्या.

आपण या पाण्याला सागर म्हणतो. कोयनेचा शिवसागर, पैठणचा नाथसागर, उजनीचा यशवंतसागर, जव्हार शहराचा जयसागर. पठारावरच्या, डोंगरातल्या माणसाने एवढं पाणी एका जागी कधी पाहिलं नव्हतं. त्याला तो समुद्रच वाटला, आणि त्यात खोटं काही नाही. सप्टेंबरच्या सकाळी धुकं उठताना मध्य वैतरणेचं पाणी पाहिलं, तर कुठल्याही कल्पित कथेतल्या मंतरलेल्या समुद्राहून ते कमी वाटत नाही. दोन्ही बाजूंनी डोंगर पाण्यात उतरलेले, मध्ये हिरवीकाळी शांतता. या एका जलाशयात भरल्यावर १ लाख ९३ हजार ५३० दशलक्ष लिटर पाणी मावतं. सातही तलाव काठोकाठ भरले की मुंबईच्या नावे १४ लाख ४७ हजार ३६३ दशलक्ष लिटर पाणी जमा होतं.

नदीचं नावही पाहा. वैतरणा. पुराणातली वैतरणी यमलोकाच्या वाटेवर आहे, मेलेला माणूस दान दिलेल्या गाईचं शेपूट धरून ती ओलांडतो. आपली वैतरणा त्र्यंबकच्या डोंगरात उगम पावते. त्याच डोंगररांगेतून गोदावरी पूर्वेला जाते आणि वैतरणा पश्चिमेला. पण गाईच्या दानाची ती अट विसरू नये. वैतरणी फुकट पार होत नाही. ज्याने आधी काही दिलं आहे, त्यालाच ती पलीकडे जाऊ देते.

पाण्याखालचं गाव

जगातल्या सगळ्या मायावी समुद्रांच्या तळाशी एक बुडालेलं नगर असतं. शांत रात्री त्याच्या देवळातल्या घंटा ऐकू येतात असं सांगतात. महाराष्ट्राला हे कल्पावं लागत नाही. उजनीचं पाणी उतरलं की पळसदेवचं जुनं शिवमंदिर उन्हाळ्यात पाण्याबाहेर येतं. लोक होड्यांनी त्याच्या दर्शनाला जातात. मुळशीच्या शेतकऱ्यांनी आपल्या जमिनी बुडू नयेत म्हणून १९२१ मध्ये सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह केला. तरी धरण झालं. त्या वेळी पाणी वीज होऊन मुंबईला जाणार होतं.

धरण म्हणजे पाप, असं मी म्हणत नाही. मुंबईएवढ्या शहराला पाणी लागतंच, आणि ते पाणी पिणाऱ्यांत जव्हार-मोखाड्याची माणसंही आहेत. दिवाळीनंतर इथली कितीतरी कुटुंबं पोराबाळांसह भिवंडी, वसई, कल्याणकडच्या वीटभट्ट्यांवर, बांधकामांवर जातात. गावात प्यायला नसलेलं पाणी त्यांना तिथे नळाला मिळतं, तेही मिळालं तर. या स्थलांतराला रोजगाराचं कारण आहे, तसं पाण्याचंही आहे. रब्बीला पाणी असतं, तर घराला कुलूप लागलं नसतं.

मध्य वैतरणेतून मुंबईला रोज ४५५ दशलक्ष लिटर, म्हणजे साडेपंचेचाळीस कोटी लिटर पाणी जातं. दहा हजार लिटरचा एक टँकर धरला, तर हे रोजचे साडेपंचेचाळीस हजार टँकर झाले. शेजारच्या सूर्या नदीच्या धामणी धरणातून वसई-विरार आणि मीरा-भाईंदरसाठी ४०३ दशलक्ष लिटरची योजना आहे. हेही याच पालघर जिल्ह्याचं पाणी.

आता दुसरा हिशेब. २०११ च्या जनगणनेत जव्हार आणि मोखाडा या दोन तालुक्यांची लोकसंख्या मिळून सव्वादोन लाखांच्या आत होती. १५ ऑगस्ट २०१९ ला जाहीर झालेल्या जल जीवन मिशनचा मापदंड माणशी रोज ५५ लिटर. गुणाकार करा : सुमारे सव्वाबारा दशलक्ष लिटर. मध्य वैतरणेतून रोज मुंबईला जाणाऱ्या पाण्याच्या शंभर भागांतले तीन भागही नाहीत. दोन अख्ख्या तालुक्यांची तहान एवढी लहान आहे. एक पळी.

मग ती का भागत नाही? अडचणी खऱ्या आहेत आणि त्या मांडल्याच पाहिजेत. धरणाचं पाणी खोल दरीत आहे आणि पाडे शेकडो फूट वर, विखुरलेले. मुंबईकडे पाणी उतारावरून जातं, पाड्याकडे ते चढवावं लागतं. त्याला पंप लागतात, पंपाला वीज, विजेला बिल, आणि बिल भरायला ग्रामपंचायतीकडे पैसा नसतो. गावातल्या योजनेची विहीर उन्हाळ्यात आटली की नवीकोरी टाकीही कोरडी राहते. नळ येतो, पण नळात पाणी येत नाही. हे सगळं खरं. पण ज्या अभियंत्यांनी शंभर मीटर उंचीची भिंत उभी केली, डोंगर पोखरून जलबोगदे काढले आणि मैलोगणती नळ टाकले, त्यांच्या विद्येला तीन-चारशे फुटांची चढण अवघड नाही. राज्याच्या जलनीतीत पिण्याच्या पाण्याला पहिला क्रम आहे. तो पहिला क्रम धरणाच्या भिंतीला लागून असलेल्या पाड्यापासून मोजायला हवा.

हा प्रश्न आजच विचारायला हवा, कारण वादी अजून लांबते आहे. वाडा तालुक्यात ओगद्याजवळ गारगाई धरण आखलेलं आहे, रोज ४४० दशलक्ष लिटरसाठी. जव्हार तालुक्यात खिडसे गावाजवळ पिंजाळ धरण, ८६५ दशलक्ष लिटरसाठी. त्याही पुढे दमणगंगा आणि तिची उपनदी वाघ यांचं पाणी बोगद्यांतून पिंजाळला आणायचा नदीजोड प्रकल्प आहे, त्याचा सविस्तर अहवाल २०१४ मध्येच तयार झाला. उद्या जव्हारच्या नकाशावर आणखी सागर उमटतील. त्यांच्या पाण्याखाली आणखी रान, आणखी शेतं आणि आणखी गावं जातील. करार लिहायची वेळ भिंत बांधण्याआधीची असते.

परत आलेला समुद्र

भांडं ठेवून घेतलं की काय होतं, हे जगाने प्रत्यक्ष पाहिलं आहे. मध्य आशियातला अरल समुद्र १९६० मध्ये सुमारे ६८ हजार चौरस किलोमीटरचा होता. जगातला चौथ्या क्रमांकाचा भूवेष्टित जलाशय. सोव्हिएत राजवटीने त्याला मिळणाऱ्या अमुदर्या आणि सिरदर्या या नद्या कापसाच्या शेतीकडे वळवल्या. समुद्राने देणं थांबवलं. मोयनाक हे बंदर वाळवंटात अडकलं, आणि गंजलेल्या बोटी वाळूत उभ्या राहिल्या. मासे गेले, मासेमारी गेली, हवेत मीठ आणि विषारी धूळ उडू लागली.

पण गोष्ट इथे संपत नाही, म्हणून ती सांगायची. २००५ मध्ये कझाकस्तानने कोक-अरल बांध पूर्ण केला आणि सिरदर्याचं पाणी समुद्राच्या उत्तरेकडच्या भागात राखलं. पातळी वाढली. खारेपणा कमी झाला. मासे परतले आणि मच्छीमारही परतले. दक्षिणेकडचा मोठा भाग कोरडाच राहिला, तरी एवढं सिद्ध झालं की भांडं काठावर परत ठेवलं, तर तळं पुन्हा देऊ लागतं.

आपल्याकडे ते भांडं कसं परत करायचं, हे अवघड कोडं नाही. धरणाच्या पाणलोटातल्या आणि भिंतीजवळच्या प्रत्येक पाड्याचं पिण्याचं पाणी शहराच्या वाट्याआधी बाजूला काढायचं. ते वर चढवायला सौरपंप बसवायचे आणि त्यांच्या देखभालीचा खर्च पाणी नेणाऱ्या शहराने उचलायचा, कारण मुंबईच्या घरटी पाणीपट्टीत तो जाणवणारही नाही. माथ्यावरचे झरे शोधून, बांधून, त्यांच्या वरच्या अंगाचं रान राखायचं. पाणी अडवायला ओढ्यांवर लहान बंधारे घालायचे. आणि नव्या धरणाचा आराखडा कागदावर येण्याआधी ग्रामसभेत बसून, गावकऱ्यांच्या बोलीत, त्यांच्या पाण्याचा हिस्सा लिहून द्यायचा. बैलाच्या कातड्यासारखा नव्हे, तळ्याच्या भांड्यांसारखा. मोजून घ्यायचं, मोजून परत करायचं.

मुंबईच्या वाचकाला एक विनंती. नरकचतुर्दशीच्या पहाटे अंगाला उटणं लावून पहिला तांब्या अंगावर घ्याल, तेव्हा ते पाणी कुठल्या डोंगरातून आलं ते घरातल्या मुलांना सांगा. कोचाळ्याचं नाव सांगा, वैतरणेचं सांगा, तळ्याची ही गोष्टही सांगा. आणि तुमचा नगरसेवक, तुमचा आमदार मत मागायला दारी येईल तेव्हा, आमच्या नळाला पाणी किती येतं या प्रश्नाच्या जोडीला, जिथून येतं तिथल्या घरांत किती पोहोचतं हेही विचारा.

मध्य वैतरणेतून मुंबईला रोज साडेपंचेचाळीस कोटी लिटर पाणी जातं. जव्हार आणि मोखाड्याच्या प्रत्येक माणसाला हक्काचं पाणी द्यायला रोज सव्वा कोटी लिटर लागतं.